ई-क्लास

उन्हाळ्याच्या सुट्टीत, शाळेत पोरं नसताना,
उकंडा पेंटर शिडीवर चढला
आणि सहावीच्या भिंतीवर आफ्रिका उतरू लागली.
रंग ग्रामपंचायतीचे, हागणदारीमुक्तीच्या घोषणेतून उरलेले:
पिवळा दोन डबे, हिरवा एक,
निळ्यावर बोटभर साय.
नकाशा माझा, बदल्यांबरोबर चार तालुके हिंडलेला.
त्यात अजून झाईर आहे, सुदान एकच आहे.
मी खाली उभा, खडूने दुरुस्त्या सांगत.

लिबिया, इजिप्त त्याने चहाआधीच उरकले.
गेरूत भिजवलेली दोरी, एक टोक खिळ्याला,
दुसरं माझ्या हातात,
मधे चिमटीत धरून सोडली, टण्‌, की झाली सरहद्द.
"ट्रॉलीवर नाव काहाडाले याच्याहून वेळ लागते, सर.
कोनं मोजलं हे?"
मोजलं नाही, म्हणालो.
दूर टेबलं होती, टेबलांवर पट्ट्या होत्या,
ज्यांची वावरं त्यांना कोणी बोलावलं नव्हतं.
"अन्‌ आमचा बुडा," तो वरूनच हसला,
"हातभर धुऱ्यापायी बावीस वर्सं दारव्ह्याच्या कोर्टात."

काँगोने मात्र सगळी दुपार खाल्ली.
नदी दोरीचं ऐकत नाही.
गांबिया पांदणीसारखा, सेनेगलच्या वावरातून आत शिरलेला.
लेसोथो, दुसऱ्याच्या शेतात मधोमध विहीर असावी तसा.
उकंडाने ब्रश दातात धरला, कपाळ पुसलं,
कपाळावर थोडा सहारा राहिला.

मग बावीस अंशांच्या रेघेपाशी आम्ही अडलो.
एका साहेबाने ती सरळ ओढली,
तीन वर्षांनी दुसऱ्याने जागोजागी वाकवली.
इजिप्त म्हणतो सरळच खरी, सुदान म्हणतो वाकडी.
दोघांनाही समुद्राकडचा तुकडा पाहिजे,
आणि तो मागायचा तर हा सोडावा लागतो:
बीर तवील.
अंगठ्याच्या नखाएवढा.
"रंग कोन्ता देऊ?"
कुणाचाच नाही तो, म्हणालो.
दोन देश आहेत शेजारी, दोघंही नको म्हणतात.

दाराशी जंगूबाई टेकाम बसली होती,
खिचडी शिजवणारी; सुट्टीतही येते, कडुलिंबाच्या रोपाला पाणी घालते.
तिचं घर पोडाच्या टोकाला, ई-क्लासवर.
तीन नोटिसा आल्या. तिन्ही मीच वाचून दाखवल्या,
'अतिक्रमण' हा शब्द दर वेळी जरा हळू.
"कोनाचाच नाई मंजे?" ती म्हणाली.
वाळवंट आहे, बाई. माणूस नाही, काही नाही.
"पानी?"
बीर म्हणजे विहीर, मी म्हणालो, आणि थांबलो.
"हीर हाय तं कोनीतरी खंदली असन.
शेरडं नेत असन कोनी.
कागदावर नसन तं नसन."

रात्री मी जुना जाडा ग्रंथ काढला, बारीक अक्षरांचा.
रेघ वाकली ती उगाच नव्हती.
अबाबदा नावाचे लोक तिथे जनावरं चारायचे,
त्यांच्या चराईसाठी तो तुकडा तेव्हा इकडे घातला होता.
तळटीप दीड ओळीची.
पंचवीस वर्षं भूगोल शिकवतो मी.

सकाळी जंगूबाईला सांगितलं.
"मंग?" एवढंच म्हणाली, आणि बादली उचलून गेली.

तुकडा तसाच ठेवला. मागचा चुना दिसतो.
जूनमध्ये केंद्रप्रमुख आले, चष्मा वर करून म्हणाले,
हे काय राहिलं?
रंग संपला, सर, मी म्हणालो.
त्यांनी शेरेबुकात तसं लिहिलं.

त्यांना दिसलं नसावं, खूप जवळ जावं लागतं:
कुणीतरी पेन्सिलीने तिथे
तिळाएवढी शेळी काढली आहे.
चारी पाय आहेत. शेपूट वर.
अजून मी विचारलेलं नाही, कोणी.