अक्षरामागे तीन रुपये

पुण्यात नावं ठेवायला पैसे पडत नाहीत.
घालायला पडतात.
अक्षरामागे तीन रुपये, जोडाक्षर एकच धरतो,
काना-मात्रा फुकट.
रविवार पेठेत, बोहरी आळीच्या तोंडाशी,
मुफद्दलशेठच्या दुकानाच्या पायरीवर
माझं मशीन एकतीस वर्षं गुणगुणतंय.

लग्नसराईत मान वर करायला फुरसत नसते.
पातेल्यांच्या चळतीवर मुलीचं नाव, पुढे बापाचं,
आणि महिन्याभरात तीच मुलगी
ताटातल्या तांदळात अंगठीनं लिहिलेलं
नवं नाव घेऊन येते.
काका, आधीचं पुसता येईल का?
स्टीलवरचं पुसत नाही, बाई.
वरून वेल काढून देतो, पानाआड राहील.
एक तर दोन वर्षांनी परत आली.
म्हणाली, आता वेल खरवडा.

रास्ता पेठेतल्या नागावकरबाई
नातवाच्या वाटीवर 'रूबेन' घालून घेऊन गेल्या.
हिब्रूत अर्थ म्हणे, 'बघा, मुलगा!'
बाळंतिणीच्या खोलीतून कुणी ओरडलं असेल
तेच नाव होऊन बसलं.
नाव समुद्रापलीकडचं, आडनाव अलिबागेशेजारचं.
रू दीर्घ काढा, त्या म्हणाल्या,
ऱ्हस्व झाला तर वाटी घेणार नाही.
पुणेकरच त्या.

कॅम्पातल्या इस्पितळातली एक नर्स, मिझोरामची.
लालह्मिंगमोई.
मी दोनदा लिहून घेतलं, तिसऱ्यांदा तिनंच लिहिलं.
ह्मिंग म्हणजे नाव, मोई म्हणजे सुंदर,
म्हणजे नावाच्या पोटातच 'नाव' शब्द,
गर्भार भांड्यासारखा.
शेवटची 'ई' मुलीची, मुलाला 'आ' लागतो.
एवढं आपल्याकडेही आहे म्हटलं, आणि अठरा रुपये घेतले.

मग दिवाळीआधी तो आला, उंच, काटकुळा,
कोंढव्यात पोरं मिळून राहतात, डबे हरवतात म्हणून.
नाव?
कासाहुन.
कासहून? साताऱ्यावरच्या? फुलं बघून आलास?
नाही, म्हणाला, अदिस अबाबाहून.
आडनाव नसतं त्यांच्यात.
आपल्यापुढे बापाचं लावायचं, त्यापुढे आजोबांचं,
थांबायचं कुठं
ते फॉर्मवरचे चौकोन ठरवतात.
अर्थ विचारला. सगळ्यांनाच विचारतो, खोड आहे.
त्यानं डब्याचं झाकण लावलं, काढलं, परत लावलं.
आधीचा भाऊ गेला होता.
म्हणून आईनं ठेवलं:
भरपाई हो.

मशीन बंद केलं मी.

माझं नाव केरबा.
माझ्याआधीचे दोघे पाचवी पुजायच्या आत गेले,
तेव्हा आईनं मला सुपात घालून
उकिरड्यावर ठेवलं,
शेजारच्या हौसाबाईनं पसाभर कोंड्याला विकत घेतलं
आणि आणून परत आईच्याच ओटीत टाकलं.
आता हा केर. केराला कोण नेतंय?
शाळेत पोरं खराटा दाखवायची.
लग्नात बायकोनं उखाण्यात
केरबाचं गुपचूप केदार केलं.
वऱ्हाडातलं कुणी काही बोललं नाही, मीही नाही.

हे सगळं त्याला हिंदीत कसं सांगू?
छातीला हात लावून 'कचरा' म्हणालो,
आणि वर बोट केलं,
की त्यानं उचलू नये म्हणून.
त्याला कळलं.
मला वाटलं होतं त्याहून लवकर कळलं.

चार अक्षरं. बारा रुपये.
वीसची नोट दिली त्यानं, मी आठ परत दिले.
जाता जाता पायरीवरचा माझा डबा
त्यानं उचलून फिरवून पाहिला,
खालून, वरून, कडेनं,
आणि भुवया उंचावल्या.

एकतीस वर्षं झाली.
माझ्या डब्यावर नाव नाही.
तो अजून कुणी नेलेला नाही.