ए. टॉइन

इथे फक्त पेन्सिल चालते. शाई नाही, ओलं बोट नाही,
पिशवीतलं सफरचंदही बाहेर.
मिस्टर ब्रॅकेनबरी टेबलावर उशी ठेवतात
आणि उशीवर वही,
आजारी माणसाला टेकवावं तशी.

लंडनवर बॉम्ब पडले त्या सप्टेंबरात
शिपायांचे कागद जळले, लाखांनी.
उरलेल्यांच्या कडा करपलेल्या,
वर आग विझवणाऱ्यांच्या पाण्याचे डाग.
एकदा मेलेली माणसं
पुन्हा एकदा अर्ध्या वाक्यात थांबलेली.

आमची पलटण लिंकनशायरची.
बीट उपटणारी, घोडे राखणारी,
पाणथळीतले चर उपसणारी पोरं.
स्केगनेसच्या समुद्राला पलीकडचा काठ असतो
हे नुसतं ऐकून होती.
टोपीवर मात्र स्फिंक्स,
कुणा खापरपणज्यानं इजिप्तमध्ये कमावलेला.
चर खणता येतो ना? मग चला, म्हणाले.
घरचं तेवढं एकच काम
त्यांना सोबत नेता आलं.

पलटणीची रोजनिशी कुणा अधिकाऱ्याच्या हातची, सुबक.
पडलेला लेफ्टनंट नावानिशी, आडनावानिशी.
मग: हवा स्वच्छ. इतर दर्जाचे अकरा.
अकरा.
एकतीस वर्षं मी टपालात पत्रं निवडली,
कोंबडी चालून गेल्यासारखी अक्षरं लावली,
पण आकड्याचा पत्ता कसा लावतात?

चर्चमधल्या पितळी पाटीवर आमचा एक: ए. टॉइन.
अमॉस, आजोबांचा धाकटा भाऊ.
दर नोव्हेंबरात आई माझी वेणी आवळून घालायची
आणि मला त्या नावाखाली उभी करायची.
आजोबा यायचे नाहीत.
त्यांची एखादी मेंढी नेमकी तेव्हाच आजारी पडायची.

आज मृतांच्या हिशेबाच्या खतावणीत सापडला.
टॉइन, ए., प्रायव्हेट, क्रमांकाच्या शेवटी सतरा.
शिल्लक तीन पौंड अकरा शिलिंग.
दिले: आई, हॅना.

हॅना?
आमच्या पणजीचं नाव शार्लट.
पत्र चुकतं, तार चुकते, पाद्रीही चुकतो.
सरकारचे तीन पौंड
चुकीच्या दारात जात नाहीत.

पुन्हा शोधलं.
दुसरा टॉइन, शेवटी अकरा.
साताची टोपी जळली की एक उरतो.
पाटीवरचा ए. म्हणजे आल्बर्ट,
पलीकडच्या शेतावरचा, लांबचा चुलत.
आमच्या अमॉसचं पेन्शनचं कार्ड निघालं.
त्यावर 'मज्जातंतू', मग वेड्यांच्या इस्पितळाचं नाव,
मग वर्षं, एकाखाली एक,
दर वेळी वेगळ्या कारकुनाच्या हातची.
शेवटचं एकावन्न.

एकावन्नात मी नऊ वर्षांची.
शाळेची बस त्या भिंतीला खेटून जायची.
घरापासून सहा मैल.
माथ्यावर काचा, आत दोऱ्यांवर
राखाडी विजारी, वाऱ्यात कवायत करणाऱ्या.
एक म्हातारा कुंपण छाटत होता,
त्यानं कात्री उंचावली,
असं लिहायला फार आवडलं असतं.
मी पाहिलं नाही. विजारी पाहिल्या.

आणि आजोबा.
महिन्याच्या पहिल्या गुरुवारी बाजाराला जायचे,
बगलेत आजीच्या प्लम ब्रेडचा डबा.
तिकडे गुरुवारी बाजार भरत नव्हता.
हे आत्ता, या खुर्चीत बसून.

मिस्टर ब्रॅकेनबरी घड्याळ दाखवतात.
मी विचारते, इस्पितळाची वही असेल का,
भेटायला येणाऱ्यांच्या सह्यांची?
शंभर वर्षं बंद, म्हणतात. मग थांबून:
तुम्ही कोण लागता त्यांच्या?

पेन्सिलीला टोक नाही उरलेलं.
असू दे. सही बघितली की ओळखेन.
कोंबडीचे पाय.