भेग, टॉवर क्रमांक सतरा

आधी म्हणायचे, पंखे ढग हाकलतात.
त्या दुष्काळात सड्यावर म्हशी घेऊन मोर्चा आला,
मी गेटवर काठी धरून उभा
आणि पुढं माझाच मेव्हणा.
ढगांचं तसं काही नसतं, एवढंच त्याला म्हणालो.
त्यानं वर्षभर बोलणं टाकलं.

आता म्हणतात, पंख्यांनी डोंगर पाडला.
व्हिडिओ आहे, बघा म्हणतात. बघितला.
अख्खा कडा सुरुंगानं उडतो, धूर,
खाली पिवळी यंत्रं, कुठल्या तरी परमुलखातली झाडं.
आमच्या रानात असलं झाड नाही, शेंबडं पोरही सांगेल.
पण वर लिहिलंय: वाघजाईवाडी, तालुका पाटण.
मयतीला आलेल्यांनीही तो एकमेकांना दाखवला,
पायाचा चिखल तसाच, अंगठा काचेवर.

तिसऱ्या दिवशी कंपनीनं पत्रक काढलं.
सदर व्हिडिओ खोटा आहे.
खोटाच होता.
सबब कंपनीवरील आरोप निराधार आहेत.

दोन वाक्यांच्या मधे ती एक सबब.
जेसीबीनं बाकी सगळं उकरलं,
तिच्याखाली कुणी बघितलं नाही.

मला लिहिता येतं सातवीपुरतं.
रजिस्टरात मी लिहिलं होतं:
दहा जून. सतराच्या रस्त्याला भेग. चार बोटं.
सव्वीस जून. वीत.
नऊ जुलै. कोपरापर्यंत हात जातो. पाणी आत शिरतंय,
खाली कुठं निघत नाही.
प्रत्येक ओळीपुढं साहेबांची सही, हिरव्या शाईत.
रस्ता कापला, पाण्याला चर काढला नाही.
सुरुंग नाही, धूर नाही,
नुसता एक न काढलेला चर.
त्याचा व्हिडिओ कसा काढायचा?

पत्रकाच्या आदल्या रात्री रजिस्टर पांढऱ्या गाडीतून गेलं.
नऊ जुलैचं पान तेवढं हर्षदाच्या फोनात राहिलं होतं,
बापाचं अक्षर किती वाईट, हे मैत्रिणींना दाखवायला काढलेलं.
परवा तिनं ते सगळ्यांना पाठवलं.
सुरुंगवाला व्हिडिओ तोवर कऱ्हाड, सातारा, पुणं करून
पुन्हा आमच्याच फोनात आला होता.
पानाखाली एकच उत्तर आलं:
कंपनीचा वॉचमन तो, त्याचं काय ऐकता.
मेव्हण्याचं. त्याची थोरली त्या अकरांत होती,
मी काय बोलू.

काल नवं रजिस्टर आलं. कोरं, डिंकाचा वास.
संध्याकाळी फेरीला गेलो.
अठराच्या वळणावर बसलो, बोटं घालून बघितली.

दोन.