घटक

इमारत एकच, बैंगनवाडीच्या टोकाला.
तळमजल्यावर उर्दू, दोन सत्रांत, एका बाकावर चौघी,
पहिल्यावर हिंदी,
दुसऱ्यावर आम्ही. मराठी, चौथीचा पट एकोणीस.
तिसऱ्यावर इंग्रजी; तिथल्या भिंतींना यंदा रंग लागला
आणि जिन्याला जाळीचं दार.
मधली सुट्टीसुद्धा आळीपाळीने होते.
पाण्याची टाकी तेवढी एक.

प्रचिती खरात दिवाळीनंतर आली.
पहिलीला सोडतीत नाव निघालं होतं तिचं,
पुलापलीकडच्या शाळेत.
कचऱ्याच्या गाडीवरच्या बापाने तेव्हा गल्लीभर पेढे वाटले होते.

तिकडे हजेरीत तिचं नाव शेवटी,
आडनावाच्या क्रमाने नव्हे.
सहलीच्या आधी घरी एक पत्र आलं,
फार सभ्य भाषेतलं, पैसे न भरलेल्यांनी
त्या दिवशी येऊ नये असं सांगणारं.
ती भाषा घरात कुणाला वाचता येत नव्हती,
आणि तिला येत होती, पण तिने वाचून दाखवलं नाही.
डबा घेऊन गेली.
रिकाम्या वर्गात बसून
चपाती खाल्ली, मग दुपारी
फळ्यावरची कालची तारीख पुसून आजची लिहिली.
हे सगळं मला तिच्या आईने सांगितलं,
दाखल्याची झेरॉक्स पुढे करत.

परिसर अभ्यासाचा तास होता.
मी फळ्यावर अन्नघटक लिहीत होते:
प्रथिने, कार्बोदके, स्निग्ध पदार्थ...
मागून आवाज आला,
'बाई, दुर्बल घटक कशात असतो?'
तिच्या अर्जावर छापलेला शब्द.
डाळीत की भातात, एवढंच तिला हवं होतं.
निदान तसं तिने दाखवलं.

मी म्हटलं, पुढच्या तासाला सांगते.

माझा निषाद पुलापलीकडे शिकतो,
त्याच शाळेत, बाजूच्या तुकडीत.
सगळी फी भरून. हप्त्यांनी, पण सगळी.
त्या सहलीहून त्याने मला कीचेन आणली होती,
प्लास्टिकचा डॉल्फिन.
वर्गाच्या कपाटाची किल्ली त्यातच आहे.
खडू काढायला रोज प्रचितीच ती मागून नेते
आणि परत देताना
डॉल्फिन आधी फ्रॉकला पुसते.

पुढचा तास झाला. त्याच्या पुढचाही.
हजेरीत तिचं नाव मी खैरमोडे आणि गवारेच्या मध्ये
बारीक अक्षरात घुसवलं, क्रमाने.
पट वीस झाला.
विसाच्या खाली गेला असता तर वर्गच बंद, असं साहेब म्हणाले होते.
मला बरं वाटलं,
तेही इथे लिहून ठेवते.