खिंडार

नारिनच्या वसतिगृहात रात्री दहाला
मी खेळांचं नेट बंद करते.
गृहपाठाची पानं तेवढी उघडी.
ही भिंत मीच बांधली, दोन आठवडे खपून.

तरी एक वाजून सतरा मिनिटांनी
खोली नंबर नऊमधलं कुणीतरी
रोज नेदरलँड्समध्ये असतं.
बेकतुर, तू तर अजून बिश्केकही पाहिलं नाहीस.

फुकटचं भुयार. फुकट ते पौष्टिक.
भुयाराला दोन तोंडं असतात,
हे मी शिकवायला हवं होतं. मी शिकवलं
एक्सेलमध्ये बेरीज कशी करायची.

खरं सांगू? महिनाभर मला माहीत होतं.
एकदा दाराशी उभी राहून ऐकलं होतं:
तिकडे नोवोसिबिर्स्कच्या गोदामात तुझा भाऊ,
रात्रपाळीतली त्याची वीस मिनिटं,
दोघं मिळून कुठलासा पूल राखत होतात.
"डावीकडे बघ." "जेवलास?" "डावीकडे, डावीकडे!"
मी पाऊल न वाजवता परत फिरले.

आईच्या खात्याचा पासवर्ड त्याच फोनात होता.
काल एकोणीस हजार सोम गेले,
घाई नाही, तीन वेळा,
जसं घरचंच माणूस काढतं.
हिवाळ्याचा कोळसा होता तो.

आता समोर बसलायस, मोजे ओले,
आणि पैशांचं काहीच विचारत नाहीस.
"बाई, त्याला कोण सांगेल,
आज मी येणार नाही म्हणून?"

बाहेर नदीवर बर्फ करकरतो.
भिंतीची चावी माझ्याच खिशात आहे.
एक वाजायला अजून बराच अवकाश आहे.