लाल सफरचंदं

ग्युमरीत त्या रात्री पारा शून्याखाली अठरा.
सासूबाईंनी टोपली भरून ठेवलेली
आमच्याच खोलीत, खिडकीशी, गारव्याला.
सकाळी चादर बघायची,
मग लाल सफरचंदं माझ्या आईकडे धाडायची.

मला वाटलेलं, दार लागलं की
सगळं आपोआप होत जाईल,
दूध उतू जातं तसं.

वार्दान खाटेच्या कडेला बसून
बूट ओढत होता. निघेना.
मी ओढला. बूट निघाला, मी पडले,
भिंतीपलीकडे अस्तघिक आत्या मुद्दाम खोकली.
हसू दाबता दाबता दोघांच्याही डोळ्यांत पाणी.

केसांत एकेचाळीस पिना.
त्यानं एकेक काढली, मोजत,
घड्याळं दुरुस्त करणाऱ्या त्याच्या बोटांनी.
सव्विसाव्या पिनेला म्हणाला, "मला भीती वाटतेय."
मी म्हटलं, "पुढे मोज."

एवढंच. स्टोव्ह विझला,
माझे गार पाय त्याच्या पोटऱ्यांमध्ये,
आणि तो वाक्य अर्ध्यावर टाकून झोपला.

पहाटे भूक लागली.
टोपलीतलं वरचं, सगळ्यात लाल,
अंधारात आळीपाळीनं चावलं.
आतून पिठूळ निघालं.

"आई मोजेल," तो म्हणाला,
तोंड भरलेलं.

मोजू दे.