उजवा हात

एप्रिलचा दुसरा गुरुवार.
बोल्सेनाच्या तळ्याकाठी, मार्ता गावात,
इल्देबाईंचा उजवा हात प्लास्टरमध्ये आहे
आणि त्यांच्या स्वयंपाकघरात फोस्को उभा आहे,
जो त्यांचा जावई होता.

होता.
मारिलेना तोरिनोला गेली त्याला तीन वर्षं झाली,
कागदांवर सह्याही झाल्या.
पण वाफ्यातले मटार कुणी कोर्टात नेले नव्हते.
ते येतात त्यांच्या वेळेला,
आणि दोन पिशव्या भरल्या की फोस्कोला
दुसरं कुठलं दार आठवत नाही.

टायरच्या दुकानातला माणूस. नखांतलं काळं निघत नाही.
"साबण," इल्देबाई म्हणतात.
"लावला."
"परत."

मग शेंगा.
शिवणीवर अंगठा दाबला की फट्कन उघडतात,
दाणे पातेल्यात टणटणतात,
एक निसटून फ्रीजखाली जातो.
दोघंही वाकून बघतात. राहू दे.
बाकला मात्र दोनदा सोलायचा,
एकदा शेंगेतून, एकदा त्या फिकट रबरी सालीतून.
"एवढं कशाला?"
"तू ओव्हरकोट घालून जेवायला बसतोस का?"

शतावरीचा कोंब दोन्ही टोकांना धरून वाकवायचा.
कुठे मोडायचं ते त्यालाच ठाऊक असतं.
हे सांगून झाल्यावर इल्देबाई जरा वेळ
खिडकीबाहेर होड्यांवरच्या ताडपत्र्या बघत बसतात.

आर्टिचोक हातात घेतल्यावर मात्र
त्या खुर्चीतून अर्ध्या उठतात.
पानं काढ. अजून. अजून काढ.
"अहो, संपेल की हे!"
संपत नाही.
आत फिकट, हळव्या रंगाचं काहीतरी उरतंच.
लिंबाच्या पाण्यात टाक लगेच,
नाहीतर काळं पडेल, तुझ्या नखांसारखं.

पातीच्या कांद्याला तेलात नुसता घाम फुटू द्यायचा.
लाल झाला तर पुन्हा पहिल्यापासून.
लाल होतो.
पुन्हा पहिल्यापासून.

"पाण्यात मीठ किती?"
"हाताला कळतं."
"कुणाच्या?"
इल्देबाई प्लास्टरकडे बघतात.
चाळीस वर्षांची चव आत कोंडलेली, वर
नातवंडांनी काढलेला निळा मासा.
"तुझ्याच," त्या म्हणतात. "दुसरा आहे कुठे इथे?"

तेवढ्यात फोन वाजतो. तोरिनो.
फोस्को झारा हवेत धरून थांबतो,
चोरी करताना दिवा लागावा तसा.
"काय करतेस, आई?"
"पास्ता. मटार, बाकला, सगळं आलंय यंदा."
"एका हाताने?"
"छे. दोन हातांनी."
इतक्यात पाणी उतू जातं, शेगडी फुसकारते.
"आवाज कसला?"
"पाण्याचा," इल्देबाई म्हणतात,
आणि डाव्या हाताने फोस्कोला खूण करतात:
आच. आच कमी कर, बैला.

पास्ता एक मिनिट आधीच काढायचा.
उकळीचं ढगाळ पाणी वाटीभर राखून ठेवायचं
(फोस्को सगळंच ओतून टाकणार होता,
इल्देबाईंनी फोनवर बोलता बोलता काठी आडवी घातली).
भाज्यांत घालून परतायचा, ते पाणी शिंपडायचं,
पुदिना हाताने तोडायचा, सुरी नको.
पेकोरिनो किसताना फोस्कोच्या बोटाचं सालटं जातं.
त्याबद्दल कुणी काही बोलत नाही.

टेबलावर दोन ताटल्या.
इल्देबाई डाव्या हाताने काटा धरतात,
मटार सारखे घरंगळून पळतात,
एक तर थेट मांडीवर.
फोस्को न विचारता चमचा पुढे सरकवतो.

"मीठ कमी आहे."
"हो."
"आर्टिचोक ठीक."
इल्देबाईंच्या तोंडून "ठीक" ऐकायला
त्याला लग्नात अकरा वर्षं लागली असती.
लागली होतीही. तेव्हा मिळालं नव्हतं.
तो आणखी वाढून घेतो.

"प्लास्टर कधी काढणार?"
"वीस मेला."
"तोवर मटार संपतील."
त्या ताटलीच्या कडेला पाव फिरवत असतात,
हिरवट तेलाचा शेवटचा थेंब पुसून घेत.
"मग झुकिनी सुरू होते," त्या म्हणतात.
"सोपी असते. तुलाही जमेल."